हायड्रोजनची बोट उजनीत चालेल का?

वाराणसीत नमो घाट ते रविदास घाट अशी हायड्रोजनवर चालणारी एक प्रवासी बोट डिसेंबर 2025 मध्ये सुरू झाली. 24 मीटर लांब, दोन तळांची (शेजारी-शेजारी जोडलेल्या दोन होड्यांसारखी), 50 माणसं बसतील एवढी. बांधली कोचीन शिपयार्डने, आणि तिच्या पोटातल्या वीज तयार करणाऱ्या यंत्रासाठी पुण्याच्या केपीआयटी कंपनीचं सहकार्य. ना डिझेलचा वास, ना इंजिनाचा थरथराट. धुराड्यातून धूर येत नाही, येतं ते पाणी. बातमी आपल्याकडे पोचेपर्यंत तिची 'डिझेलऐवजी पाण्यावर चालणारी बोट' झाली होती, आणि लगेच पुढचा प्रश्न आला: मग उजनीत का नाही?

प्रश्न अगदी रास्त आहे. भीमेवरच्या उजनी धरणाचा फुगवटा सोलापूर जिल्ह्यातला करमाळा आणि पुणे जिल्ह्यातला इंदापूर या तालुक्यांच्या मधे पसरलाय. समोरचं गाव डोळ्यांना दिसतं, पण रस्त्याने जायचं तर मोठा वळसा. म्हणून दवाखाना, बाजार, पाहुणेरावळे, सगळ्यासाठी माणसं वर्षानुवर्षं बोटीने पाणी ओलांडतात. त्यांना चांगली, सुरक्षित, स्वस्तात चालणारी बोट मिळायलाच हवी. ती हायड्रोजनची असावी का, हे ठरवायचं तर आधी ही बोट चालते कशी ते नीट समजून घेऊ.

पहिली गोष्ट, ही बोट पाण्यावर चालत नाही. पाणी हे इंधन नव्हेच. हायड्रोजन आणि ऑक्सिजन एकत्र आले, त्यांच्यातली ऊर्जा निघून गेली, आणि मागे जे उरलं ते पाणी. त्यातून पुन्हा हायड्रोजन काढायचा तर जेवढी ऊर्जा मिळाली होती त्याहून जास्त घालावी लागते. 'एक बाटली पाणी टाका आणि गाडी पळवा' असं कुणी सांगत असेल, तर त्याच्या नादी लागू नका.

ही ऊर्जा घालायची कशी, ते शाळेतल्या पोरांनाही माहीत असतं. काचेच्या पेल्यात पाणी, त्यात चमचाभर धुण्याचा सोडा, दोन पेन्सिलींची शिसं बुडवून त्यांना 9 व्होल्टची बॅटरी जोडायची. दोन्ही शिसांवर बुडबुडे धरतात. ऋण टोकाकडे धन टोकाच्या जवळपास दुप्पट. ऋण टोकाकडचा वायू हायड्रोजन, दुसरीकडचा ऑक्सिजन. विजेने पाणी फोडलं. विल्यम ग्रोव्ह या ब्रिटिश वैज्ञानिकाने 1839 मध्ये याच्या उलटं करून दाखवलं: दोन्ही वायू परत जुळू दिले आणि तारेतून वीज काढली. फ्युएल सेल म्हणतात तो हाच. पुढे 1960 च्या दशकात अमेरिकेच्या जेमिनी आणि अपोलो यानांना वीज याच सेलनी पुरवली, आणि त्यातून निघालेलं पाणी अपोलोच्या अंतराळवीरांनी प्यायलं.

सेलच्या आत

बोटीत वापरतात त्या प्रकारचा एक सेल म्हणजे काही मिलिमीटर जाडीचा चपटा थर. अगदी मधोमध खास प्लास्टिकचा पडदा, माणसाच्या केसाहून पातळ. पडद्याच्या दोन्ही बाजूंना काळा लेप: कार्बनची बारीक पूड आणि तिच्या कणांवर बसलेले प्लॅटिनमचे अतिसूक्ष्म कण. त्याच्या बाहेर कार्बनचा कागद, आणि शेवटी दोन्ही बाजूंना खाचा पाडलेल्या पट्ट्या, वायू सगळीकडे सारखा पसरावा म्हणून.

एका बाजूच्या खाचांतून हायड्रोजन आत येतो. प्लॅटिनमला लागला की त्याचे दोन अणू सुटे होतात, आणि प्रत्येक अणूतला इलेक्ट्रॉन वेगळा होतो. उरतो प्रोटॉन. आता पडद्याची करामत. तो प्रोटॉनला पलीकडे जाऊ देतो, इलेक्ट्रॉनला नाही. इलेक्ट्रॉनला जायचं तर पलीकडेच आहे, पण त्याला बाहेरच्या तारेतून वळसा घालूनच जावं लागतं. त्या तारेत आपण बोटीची मोटर जोडतो. वळसा घालणारा इलेक्ट्रॉनांचा हा लोंढा म्हणजेच वीज. पलीकडच्या बाजूला साधी हवा सोडलेली असते. तिच्यातला ऑक्सिजन, पडद्यातून आलेले प्रोटॉन आणि तारेतून आलेले इलेक्ट्रॉन जुळतात, आणि पाणी तयार होतं.

या सगळ्यात काहीही जळत नाही. पिस्टन नाही, स्फोट नाही, ज्योत नाही. सेलचं तापमान 60 ते 80 अंशांच्या आसपास राहतं.

चालू असताना एका सेलमधून मिळतात जेमतेम 0.6 ते 0.7 व्होल्ट. म्हणून शेकडो सेल एकापुढे एक रचून घट्ट आवळतात. या रचनेला स्टॅक म्हणतात. हायड्रोजनमधली साधारण निम्मी ऊर्जा विजेत उतरते, बाकीची उष्णता होते. लहान डिझेल इंजिन 30 ते 40 टक्क्यांत अडकतं, त्या मानाने हे बरंच चांगलं.

म्हणजे ही बोट मुळात विजेवर चालणारी बोटच आहे. पंखा फिरवते ती विजेची मोटर. फरक एवढाच की वीज किनाऱ्यावरून भरून आणायच्या ऐवजी बोटीतच तयार होते. त्यातही बॅटरी लागतेच. फ्युएल सेलला एकसारखं चालणं मानवतं, अचानक जोर लावणं मानवत नाही. धक्क्यावरून सुटताना किंवा वाऱ्याशी झुंजताना लागणारा झटका बॅटरी देते. सॅन फ्रान्सिस्कोत जुलै 2024 मध्ये प्रवाशांसाठी सुरू झालेली 75 आसनी 'सी चेंज' पाहा: 360 किलोवॉटचे फ्युएल सेल, जोडीला 100 किलोवॉट-तासांची (म्हणजे 100 युनिट वीज साठवणारी) बॅटरी, आणि मोटरी 600 किलोवॉटच्या.

वायू ठेवायचा कुठे

हायड्रोजनचं खरं दुखणं सेलमध्ये नाही, साठवणुकीत आहे. वजनाच्या हिशेबात त्याच्यासारखं इंधन नाही. एक किलोत सुमारे 33 किलोवॉट-तास ऊर्जा, म्हणजे तीन लिटरहून जास्त डिझेलएवढी. पण नेहमीच्या दाबाला तोच एक किलो साधारण 12,000 लिटर जागा खातो. उन्हाळ्यात सोलापूरच्या हद्दवाढ भागात पाण्याचे जे मोठे टँकर फिरतात, तसा एक अख्खा टँकर भरेल, आणि आत वायू फक्त एक किलो.

म्हणून त्याला दाबून भरतात. 'सी चेंज'मध्ये 250 बार दाबाने 246 किलो हायड्रोजन राहतो. काही ठिकाणी 350 बार वापरतात. कारच्या टायरमधला दाब सव्वादोन बारच्या आसपास असतो, हे ध्यानात घ्या. नॉर्वेच्या 'हायड्रा' फेरीबोटीने दुसरा मार्ग धरला. 300 प्रवासी आणि 80 गाड्या नेणारी ही बोट 2023 पासून द्रवरूप हायड्रोजन वापरते. त्यासाठी उणे 253 अंश तापमान राखावं लागतं. टाकी 80 घनमीटरची, आणि हायड्रोजन येतो थेट जर्मनीतून, टँकरने. उजनीसाठी द्रवरूपाचा विचारही नको. दाबाच्या नळकांड्याच बऱ्या.

आता भीतीचं. हायड्रोजन म्हटलं की लोकांना स्फोटच आठवतो, आणि भीती निराधार नाही. हवेत 4 टक्क्यांपासून 75 टक्क्यांपर्यंत मिसळला तरी तो पेट घेतो. घरच्या एलपीजीचा हा पट्टा 2 ते साडेनऊ टक्के. हायड्रोजनला ठिणगी अगदी किरकोळ पुरते. त्याची ज्योत दिवसा जवळजवळ दिसत नाही. वास नसतो, आणि एलपीजीत घालतात तसं वासाचं औषध यात घालता येत नाही, कारण त्यातलं गंधक सेलमधल्या प्लॅटिनमला मारून टाकतं.

पण एका बाबतीत तो एलपीजीपेक्षा फार बरा. एलपीजी हवेहून जड, गळाला की खाली साचतो. बोटीत खाली साचणं म्हणजे तळात साचणं, आणि तिथून तो हटत नाही. हायड्रोजन हवेपेक्षा चौदा पटीने हलका. वाट मिळाली तर क्षणात वर निघून जातो. 'वाट मिळाली तर' हे महत्त्वाचं. म्हणून नळकांड्या शक्यतो छतावर, उघड्यावर ठेवतात. जिथे जिथे पाइप किंवा सेल बंदिस्त जागेत आहे तिथे गळती ओळखणारे सेन्सर, आपोआप बंद होणारे व्हॉल्व्ह आणि सतत हवा खेळती ठेवणारे पंखे लागतात. नळकांड्यांना परवानगी देते ती 'पेसो', म्हणजे पेट्रोलियम आणि स्फोटकांची सुरक्षा पाहणारी केंद्राची संस्था. तिचं मुख्यालय आपल्या नागपुरातच आहे.

हॅम्बुर्गचं उदाहरण मला फार बोलकं वाटतं. तिथल्या आल्स्टर तलावात 2008 मध्ये 'आल्स्टरवासर' ही 100 प्रवाशांची हायड्रोजन बोट सुरू झाली. 2010 मध्ये तिला आग लागली. सगळ्यांच्या मनात आलं, हायड्रोजनच असणार. निघाल्या जोडीच्या शिशाच्या बॅटऱ्या. त्या तापून पेटल्या होत्या. हायड्रोजनच्या टाक्या शाबूत राहिल्या. यावरून हायड्रोजन निर्धोक आहे असं मी म्हणणार नाही. मुद्दा असा की नव्या गोष्टीकडे सगळ्यांचं लक्ष असतं, आणि घात नेहमीच्या गोष्टीत होतो.

उजनी म्हणजे गंगा नव्हे

उजनीचं पाणी, उजनीचा वारा आणि उजनीचा किनारा, तिन्ही वेगळे आहेत.

किनाऱ्यापासून सुरुवात करू. धरणाचा एकूण साठा सुमारे 117 टीएमसी, पण त्यातला निम्म्याहून जास्त मृतसाठा. पाऊस चांगला झाला की धरण शंभरी ओलांडतं, आणि उन्हाळ्यात पाणी मृतसाठ्यात गेलं की 'उजनी मायनसमध्ये' ही बातमी ठरलेली. पाणी उतरलं की काठ कुठल्या कुठे सरकतो. जिथे पावसाळ्यात बोट लागत होती तिथे मे महिन्यात गाळ आणि भेगा. आता या काठावर शेकडो बार दाबाचा वायू भरायचा पक्का धक्का नेमका कुठे बांधायचा? विजेची केबल तरंगत्या जेट्टीबरोबर पुढे सरकवता येते. उच्च दाबाचा पाइप तसा सरकवणं अवघड आणि महाग. मग नळकांड्यांची गाडी पाण्यापर्यंत नेऊन बोट भरायची, आणि त्या गाडीसाठी दरवर्षी गाळातून रस्ता करायचा. 'सी चेंज'लाही ट्रकमधूनच हायड्रोजन भरलाय, पण तिथे ट्रक पक्क्या धक्क्यावर उभा राहतो.

पाण्याचं दुखणं तर आपल्या पाचवीलाच पुजलेलं. पुणे-पिंपरीचं सांडपाणी भीमेतून उजनीत येतं. उन्हाळ्यात पाणी हिरवं पडतं, शेवाळ धरतं, वास सुटतो. सेलची उष्णता बाहेर टाकायला जलाशयाचंच पाणी वापरायचं, तर जाळ्या शेवाळाने तुंबणार. जाळी तुंबली की स्टॅक तापला, आणि 60 ते 80 अंशांत राहायचा सेल बाहेर 43-44 अंशांचं ऊन असताना हवेने थंड करणं सोपं नाही. शिवाय सेल हवाही ओढतो. त्या हवेत कुजक्या शेवाळातून सुटणारा हायड्रोजन सल्फाइड असेल तर तो प्लॅटिनमवर बसतो आणि सेल मंदावतो. आपल्याकडची धूळ वेगळीच. म्हणजे कोळशाचे हवा-गाळण (फिल्टर) आणि पाण्याच्या जाळ्या वेळच्या वेळी साफ करणारा माणूस रोज हवा. यंत्र कितीही नवं असलं तरी हे काम हातानेच होतं.

वाऱ्याबद्दल जपून लिहावंसं वाटतं. 21 मे 2024 च्या संध्याकाळी कुगावहून कळाशीकडे निघालेली बोट वादळी वाऱ्यात उलटली आणि सहा जणांचा जीव गेला. त्या पाण्यावर पुढे कुठलीही नवी बोट येवो, तिची पहिली परीक्षा ही: वाऱ्यात ती कलते किती, प्रत्येकाच्या अंगात लाइफ जॅकेट आहे का, आणि वाऱ्याचा इशारा असताना ती सुटणार नाही याची जबाबदारी कुणाची. दोन तळांची रुंद बोट सहज कलत नाही, हे खरं. पण हायड्रोजनच्या नळकांड्या छतावर ठेवल्या की वजन उंचावर जातं, आणि त्याची भरपाई आराखड्यातच करावी लागते.

हिशेब मांडून पाहू

वाराणसीच्या बोटीतला फ्युएल सेल 50 किलोवॉटचा. तेवढाच सेल धरून समजा आपली बोट पूर्ण ताकदीने दिवसाचे 8 तास चालली, तर वीज लागेल 400 किलोवॉट-तास, म्हणजे 400 युनिट. एक किलो हायड्रोजनमधून सेलला साधारण साडेसोळा युनिट मिळतात. म्हणजे दिवसाला 24 किलो हायड्रोजन. तो बनवायला पाणी फोडायचं यंत्र किलोमागे 50 ते 55 युनिट खातं. 55 धरले तर 1,320 युनिट.

तेच 400 युनिट बॅटरीतून द्यायचे, तर चार्जिंगमधली गळती धरूनही साडेचारशे-पावणेपाचशे युनिटांत भागतं. जवळपास तिप्पट फरक. हायड्रोजन बनवताना 40 टक्क्यांच्या आसपास वीज वाया जाते आणि उरलेल्यातली निम्मी बोटीत, त्याचा हा परिणाम.

मग हायड्रोजन घेतात कशाला? वजनासाठी. 400 युनिटची बॅटरी अडीच-तीन टनांच्या खाली सहसा येत नाही. 24 किलो हायड्रोजन आणि त्याच्या नळकांड्या मिळून अर्ध्या टनाच्या आसपास बसतात, आणि भरायला वेळही कमी लागतो. प्रवास लांबचा असेल, मधे थांबून चार्जिंग करायला फुरसत नसेल, बोट मोठी असेल, तिथे हायड्रोजन जिंकतो. कोकण किनाऱ्यावरची लांब पल्ल्याची प्रवासी बोट, मोठी फेरीबोट, मालवाहू जहाज, ही त्याची जागा.

उजनीतली फेरी तशी नाही. या काठावरून त्या काठाला जायचं, माणसं उतरवायची, दुसरी भरेपर्यंत थांबायचं. त्या थांब्यात चार्जिंग होतं. केरळात वैकम ते तवणक्कडवू असा वेंबनाड तलाव ओलांडणारी 75 आसनी 'आदित्य' जानेवारी 2017 पासून सौर पॅनेल आणि बॅटरीवर चालते. कोचीच्या वॉटर मेट्रोच्या बॅटरीवरच्या बोटी एप्रिल 2023 पासून धावतात, आणि त्या बांधल्याही कोचीन शिपयार्डनेच. गावं जोडणाऱ्या फेऱ्यांसाठी माझं मत स्पष्ट आहे: उजनीला 'आदित्य'ची बहीण हवी. पंढरपुरात चंद्रभागेतल्या छोट्या होड्यांनाही तेच लागू. हायड्रोजनचा विचार करायचा तर धरणाच्या भिंतीपासून भिगवणच्या पक्ष्यांपर्यंत दिवसभर फिरणाऱ्या एखाद्या मोठ्या पर्यटन बोटीसाठी.

हायड्रोजन येणार कुठून

समजा तशी बोट आली. तिचे रोजचे 24 किलो कुठून आणायचे, यावर ती स्वच्छ की घाणेरडी हे ठरतं. आज जगात बहुतेक हायड्रोजन नैसर्गिक वायू आणि कोळशापासून बनतो. वायूपासून एक किलो बनवताना 9-10 किलो कार्बन डायऑक्साइड सुटतो. आणि ग्रिडची वीज वापरून पाणी फोडलं तर? आपल्या ग्रिडमधल्या विजेमागे युनिटला साधारण 0.7 किलो कार्बन डायऑक्साइड धरला, तर 55 युनिटांचे झाले 38 किलो. तेवढंच काम डिझेल इंजिनाने केलं असतं तर साडेबारा किलोच्या आसपास सुटला असता. म्हणजे घाटावर धूर नाही म्हणून आपण टाळ्या वाजवायच्या, आणि तिप्पट कार्बन औष्णिक केंद्राच्या चिमणीतून जाणार. सोलापूरजवळ फताटेवाडीला एनटीपीसीचं 1,320 मेगावॉटचं कोळशावरचं केंद्र आहे, त्यामुळे हे चित्र आपल्याला लांब जाऊन शोधायची गरज नाही.

म्हणून केंद्र सरकारने 'हरित' शिक्क्यासाठी मर्यादा घातली: किलोमागे 2 किलोपेक्षा जास्त कार्बन डायऑक्साइड नको. त्यात बसायचं तर वीज सौर, पवन अशा अपारंपरिक स्रोतांची हवी. उन्हाची सोलापूरला कमी नाही. इथे एक किलोवॉटचं पॅनेल वर्षाच्या सरासरीने दिवसाला साडेचार युनिटच्या आसपास देतं. 1,320 युनिटांसाठी 300 किलोवॉटची पॅनेल पुरतात, जागा सव्वा एकरभर. पाणी तर किरकोळच. किलोमागे 9 लिटर, म्हणजे 24 किलोंना सव्वादोनशे लिटरच्या आत. मात्र ते उजनीतून थेट उचललेलं चालत नाही. आधी आरओ, मग त्यातले उरलेसुरले क्षार काढणं, आणि शुद्ध करताना वाया जाणारं पाणी वेगळं. साखर कारखान्यांचाही विचार करता येतो. जिल्ह्यात कारखाने भरपूर, बगॅसपासून, म्हणजे उसाच्या चिपाडापासून, वीज बनते. पण गाळप हंगामी, आणि पर्यटकांची बोट हंगाम संपल्यावरही चालवायची असते. बगॅसवर एकट्यावर भिस्त ठेवता येणार नाही.

पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेने आणि केपीआयटीने मिळून बनवलेली हायड्रोजन बस ऑगस्ट 2022 मध्ये पुण्यात दाखवली गेली होती. म्हणजे हे जाणणारी माणसं उजनीपासून फार लांब नाहीत. उद्या जिल्ह्यात हायड्रोजन बोटीची घोषणा झाली, तर चित्रातली बोट बघून झाल्यावर कागद मागवावेत. हायड्रोजन कुठे बनणार आणि कुठल्या विजेवर. धरण मायनसमध्ये असताना बोट कुठे भरणार. जाळ्या आणि गाळण साफ करायला कोण नेमलंय, स्टॅक बदलायची वेळ आली की पैसे कुठल्या खात्यातून येणार, आणि त्याच रकमेत करमाळा-इंदापूरच्या फेऱ्यांसाठी बॅटरीवरच्या किती बोटी आल्या असत्या.